अंगठा एक, दुखणी दोन

पत्राचा सारांश: पश्चिम महाराष्ट्रातल्या एका तालुक्याच्या गावी राहणाऱ्या 56 वर्षांच्या ताई घरीच ब्लाउज शिवतात. मधुमेहाच्या गोळ्या चालू आहेत. दीडेक वर्षापासून उजव्या अंगठ्याच्या मुळाशी दुखतं. कात्री चालवताना, बरणीचं झाकण फिरवताना, कपडे पिळताना कळ येते. गावातल्या हाडांच्या डॉक्टरांनी एक्स-रे पाहून ‘झीज तिसऱ्या टप्प्यात आहे, एक छोटं हाड काढावं लागेल’ असं सांगितलं. जिल्ह्याच्या ठिकाणी दुसऱ्या डॉक्टरांनी हात दाबून पाहिला आणि ‘मनगटापाशी शीर अडकलीय, पंधरा मिनिटांत मोकळी करून देतो’ म्हणाले. पुण्यातला भाचा कृत्रिम सांधा सुचवतोय. यजमानांचं म्हणणं, आता शिलाई बंद कर. ताई विचारतात: दोघांपैकी खरं कोण सांगतंय? तिसरा टप्पा म्हणजे उशीर झाला का? आषाढ लागलाय, काम कमी आहे, तर नवरात्राच्या गर्दीआधी ऑपरेशन उरकून टाकू का?

ताई, नमस्कार.

दोन डॉक्टरांनी दोन निदानं सांगितली, म्हणजे एकाचं चुकलं असणार, असं तुम्ही धरून चालला आहात. आधी त्याबद्दलच बोलू. अंगठ्याच्या बाबतीत दोघंही बरोबर असू शकतात. अंगठ्याचं मूळ आणि मनगटाची कड यांच्यात जेमतेम दोन-तीन बोटांचं अंतर. तेवढ्या जागेत दोन अगदी वेगळी दुखणी होतात, आणि पन्नाशी ओलांडलेल्या बायकांमध्ये ती कधीकधी एकत्रच सापडतात. एका डॉक्टरांनी एक्स-रे पाहिला, त्यात सांधा दिसला. दुसऱ्यांनी हात दाबला, त्यांना शिरेचं, म्हणजे कंडरेचं, दुखणं सापडलं. म्हणून ‘कुठलं ऑपरेशन करू’ हा प्रश्न थोडा बाजूला ठेवून ‘माझं दुखणं नेमकं कुठून येतंय’ हे आधी पक्कं करायला हवं. जागा चुकली तर उत्तम हाताने केलेलं ऑपरेशनही फुकट जातं.

सांध्याचं आधी सांगते. अंगठ्याचं लांब हाड मनगटातल्या ट्रॅपेझियम नावाच्या छोट्या हाडावर बसतं. दोघांचे पृष्ठभाग घोड्याच्या खोगिरासारखे, एकमेकांत आडवे बसलेले. त्यामुळे अंगठा पुढे-मागे, आत-बाहेर जातो आणि करंगळीच्या टोकालाही टेकतो. पण हा सांधा उथळ आहे, त्याला जागेवर धरून ठेवायचं काम आजूबाजूच्या अस्थिबंधांवर, म्हणजे हाडाला हाडाशी बांधणाऱ्या पट्ट्यांवर, पडतं. पाळी गेल्यानंतरच्या वयात बायकांमध्ये इथली झीज जास्त दिसते. अमेरिकेत कूनी आणि चाओ या दोघांनी 1977 साली मांडलेल्या हिशोबानुसार अंगठा आणि तर्जनीच्या टोकांत 1 किलोची चिमूट धरली, तर मुळाच्या या सांध्यावर सुमारे 12 किलोचा भार येतो. अस्तरासकट चार पदरी कापडातून कात्री दाबताना तिथे काय होत असेल, याचा अंदाज तुम्हाला माझ्यापेक्षा चांगला येईल.

दुसरं दुखणं कंडरांचं. कंडरा म्हणजे स्नायूला हाडाशी बांधणारी दोरी, जिला दवाखान्यात सर्रास टेंडन म्हणतात आणि घरात शीर. अंगठा बाहेर नेणाऱ्या आणि वर उचलणाऱ्या दोन कंडरा मनगटाच्या कडेला एका अरुंद आवरणातून जातात. ते आवरण जाड झालं की कंडरा आत घासतात, अडकतात. स्विस सर्जन फ्रिट्झ डी क्वेर्व्हेन यांनी 1895 साली याचं वर्णन केलं, त्यांचंच नाव त्याला पडलं. तान्ह्या बाळाला दोन्ही काखांत हात घालून सारखं उचलणाऱ्या आयांनाही हाच त्रास होतो. हे वाचणाऱ्या एखाद्या बाळंतिणीला मनगटाच्या कडेला कळ येत असेल, तर तिने बाळाच्या ढुंगणाखाली तळहात देऊन उचलायची सवय लावून घ्यावी. अंगठा ताणून उचलणं टळलं की बराच फरक पडतो.

आता तुमचा उजवा हात टेबलावर कडेवर ठेवा, अंगठा छताकडे. डाव्या हाताच्या बोटाने अंगठ्याच्या मागच्या कडेवरून मनगटाकडे हळूहळू खाली या. अंगठ्याचं लांब हाड जिथे संपतं तिथे एक खळगा किंवा उंचवटा लागेल. तिथे दाबल्यावर ‘हीच ती कळ’ असं वाटलं, तर सांधा बोलतोय. तिथून आणखी दोन बोटं कोपराच्या दिशेने सरका. मनगटाच्या कडेचं टणक हाड लागतं. त्याच्यावर दाबून कळ आली, सूज असली, तर कंडरांचं आवरण. मग अंगठा मुठीत घेऊन मनगट अलगद करंगळीच्या बाजूला झुकवा. जोर लावू नका. कडेला चर्रकन दुखलं तर कंडरांचा संशय वाढतो. मात्र ही चाचणी झिजलेल्या सांध्यातही दुखू शकते, म्हणून एकट्या तिच्यावर निदान बेतू नये. दोन्ही जागा दुखल्या तर तसं लिहून ठेवा आणि डॉक्टरांना सांगा. शंका उरलीच तर एका जागी भूल देणारं औषध टोचून, कात्री चालवल्यासारखी हालचाल करून पाहता येते. कळ गेली तर जागा सापडली.

याच हातावर आणखी दोन-तीन गोष्टी तपासून घ्या, कारण मधुमेहात त्या जास्त आढळतात. अंगठा वाकवल्यावर वरचा सांधा अडकतो आणि ‘टक्’ करून सुटतो का? तसं असेल तर तळहाताच्या बाजूने, अंगठ्याच्या मुळाच्या घडीपाशी कंडरा अडकतेय. त्याला ट्रिगर थंब म्हणतात. अंगठा, तर्जनी, मधलं बोट रात्री बधिर होतात का? मग मनगटातली नस दबली असण्याची शक्यता आहे, आणि झिजलेल्या सांध्यासोबत ती बऱ्याचदा असते. सांध्याचं ऑपरेशन करायची वेळ आलीच तर ही नस त्याच बैठकीत मोकळी करता येते, म्हणून ते आधी कळलेलं बरं.

एक गोष्ट मात्र थांबण्यासारखी नाही, ती इतर वाचकांसाठीही सांगते. अंगठ्याचं टोक एकाएकी वर उचलता येईनासं झालं, फारसं दुखतही नाही, पण टोक उठत नाही, तर कंडरा तुटली असू शकते. मनगटाचं हाड मोडून प्लास्टर निघाल्यावर काही आठवड्यांनीही असं होतं, तेही मूळ मोड साधी असताना. झिजून तुटलेली ती कंडरा नुसती टोकाला टोक शिवून सहसा जमत नाही. तर्जनी सरळ करणाऱ्या दोन कंडरांपैकी एक उचलून अंगठ्याला जोडतात, आणि तर्जनीचं फारसं काही बिघडत नाही. हे काम लांबवू नये.

तुमच्या बाबतीत मात्र थांबायला भरपूर वाव आहे. ‘तिसरा टप्पा’ ऐकून तुम्ही धसका घेतला, ते समजतं. हे टप्पे ईटन आणि लिटलर यांनी 1973 साली मांडले, आणि ते एक्स-रेमधल्या चित्राचं वर्गीकरण आहे. चित्र आणि कळ यांचं प्रमाण जुळतंच असं नाही. एक्स-रेत सांधा पार झिजलेला आणि बाई मजेत पोळ्या लाटतेय, असं सर्रास दिसतं. झिजलेल्या सांध्याच्या बाबतीत वाट पाहिल्याने ऑपरेशनची संधी हातातून निसटत नाही. आज जे ऑपरेशन होऊ शकतं, ते दोन वर्षांनीही होऊ शकतं. ऑपरेशन ठरवायचं ते कळेवरून आणि त्या कळेने तुमचं काय-काय अडतंय यावरून. शिवाय एक्स-रे नुसत्या पंजाचा काढलाय की खास अंगठ्याच्या मुळाच्या सांध्याचा, हे पाहून घ्या. पंजाच्या सरळ फोटोत हा सांधा तिरका येतो आणि नीट दिसत नाही.

पत्रात तुम्ही पट्ट्याचा, व्यायामाचा उल्लेखच केलेला नाही. बहुधा कोणी सुचवलं नाही, किंवा मेडिकलमधून आणलेला पट्टा दोन दिवस लावून कपाटात गेला. तो पट्टा कुठला होता, हे महत्त्वाचं. सांध्यासाठी हवा तो छोटा पट्टा: अंगठ्याचं मूळ धरून ठेवणारा, मनगट आणि अंगठ्याचं टोक मोकळं सोडणारा. तो घालून तुम्ही मशीनवर बसू शकता. कंडरांसाठी हवा तो लांब, मनगटालाही आधार देणारा. एकाच्या जागी दुसरा लावला की गैरसोय तेवढी होते, गुण येत नाही. मापाचा पट्टा बनवून देणारे ऑक्युपेशनल थेरपिस्ट सरकारी वैद्यकीय महाविद्यालयांच्या मोठ्या रुग्णालयांत सापडतात. एक खेप घालण्याच्या लायकीचं ते काम आहे. व्यायाम म्हणून स्पंजचा चेंडू दाबत बसू नका. त्याने झिजलेल्या सांध्यावर भारच वाढतो. अंगठा आणि तर्जनीमधली खाच मोकळी ठेवणारे, तर्जनीच्या मुळाचा स्नायू बळकट करणारे हलके व्यायाम थेरपिस्टकडून हातावर करून घ्या.

आणि कात्री. ती मिटताना सांध्यावर भार येतो आणि उघडताना त्याच दोन कंडरांवर, म्हणजे तुमचं दुखणं कुठलंही असो, कात्री दोन्हीकडून मारतेय. मेरठची जड पोलादी कात्री असेल तर ती काही महिने बाजूला ठेवा. आपोआप उघडणारी स्प्रिंगची कात्री घ्या, जमलं तर विजेवर चालणारा छोटा कटर. धार मात्र कायम चोख हवी, बोथट कात्रीला दुप्पट जोर लागतो. उसवायच्या हत्याराच्या आणि पेन्सिलीच्या दांड्यावर जाड रबर चढवा. जितकी पकड जाड, तितकी चिमूट कमी. जाड अस्तरातून सुई ओढायला छोटा चिमटा किंवा रबराचा तुकडा वापरा. बरणीचं झाकण तळहाताने फिरवा, किंवा सरळ दुसऱ्याला द्या.

औषधांत मधुमेहींनी वेदनाशामक गोळ्या मनाने सारख्या घेऊ नयेत, मूत्रपिंडावर ताण येतो. वरून लावायचं जेल त्यामानाने सुरक्षित. स्टिरॉइडच्या इंजेक्शनचं दोन जागी दोन तऱ्हेचं असतं. कंडरांच्या आवरणात ते चांगलं काम करतं, एक-दोन इंजेक्शनांत बऱ्याच जणींचं दुखणं मिटतं. झिजलेल्या सांध्यात काही आठवडे, फार तर काही महिने आराम पडतो आणि मग कळ परत येते. इंजेक्शननंतर काही दिवस साखर वाढते, तेव्हा घरी तपासत राहा आणि तुमच्या मधुमेहाच्या डॉक्टरांना आधी कळवा. मनगटाच्या कडेला कातडी पातळ असते, तिथे कधीकधी पांढरट डाग राहतो. हे आधी माहीत असलं की नंतर घाबरायला होत नाही.

आता ऑपरेशनं. कंडरांचं आवरण उघडणं खरोखरच छोटं काम आहे. हात बधिर करून होतं, त्याच दिवशी घरी जाता येतं, दहा-चौदा दिवसांनी टाके निघतात आणि चार-सहा आठवड्यांत जड काम सुरू करता येतं. पण ‘पंधरा मिनिटं’ म्हणून ते कुणाकडूनही करून घेऊ नये. तिथे कातडीच्या लगेच खाली नसेच्या बारीक फांद्या पसरलेल्या असतात. त्यांना इजा झाली तर अंगठ्याच्या पाठीवर बधिरपणा किंवा शॉक बसल्यासारखी कळ मागे राहते, आणि ती मूळ दुखण्यापेक्षा त्रासदायक असते. काही जणींमध्ये दोन कंडरांच्या मध्ये आणखी एक पडदा असतो. एकच कप्पा उघडला आणि दुसरा राहून गेला, तर दुखणं तसंच राहतं. इंजेक्शन लागू न पडण्यामागेही बऱ्याचदा हाच पडदा असतो. सर्जनना विचारा, ‘आत दुसरा कप्पा आहे का ते तुम्ही पाहता ना?’ हाताची ऑपरेशनं नेहमी करणाऱ्या सर्जनना या प्रश्नाचं वाईट वाटणार नाही.

सांध्याचं ऑपरेशन मोठं. ‘हाड काढणार’ हे ऐकून तुम्हाला हात लुळा पडेल असं वाटलं, पण ट्रॅपेझियम काढण्याची ही पद्धत ब्रिटिश सर्जन गर्व्हिस यांनी 1949 साली मांडली आणि आजही ती जगभर टिकून आहे. हाड काढल्यावर झालेली पोकळी शरीर घट्ट पेशींनी भरून काढतं, घासणारी हाडं समोरासमोर राहत नाहीत आणि कळ कमी होते. पुढे सर्जननी त्यात भर घातली: मनगटाच्या एका कंडरेची पट्टी घेऊन अंगठ्याचं हाड बांधायचं आणि उरलेल्या पट्टीची गुंडाळी पोकळीत भरायची. ऐकायला हे जास्त भक्कम वाटतं. पण इंग्लंडमध्ये नॉटिंगहॅमला डेव्हिस आणि सहकाऱ्यांनी नुसतं हाड काढणं आणि कंडरेची भर घालणं यांची तुलना केली, 2004 साली एका वर्षानंतरचे निष्कर्ष छापले, 2012 साली त्यापुढच्या अनेक वर्षांचे. दुखणं, ताकद, हाताचा वापर यांत फरक सापडला नाही. म्हणून तुमचे डॉक्टर साधी पद्धत सुचवत असतील तर ती कमी प्रतीची समजू नका, आणि कंडरेची करत असतील तर ती फसवणूकही नव्हे. ज्या सर्जनचा ज्या पद्धतीवर हात बसलाय, ती त्यांनी करावी.

सांधा स्क्रू-पट्टीने कायमचा जाम करायचा, हाही मार्ग आहे. तरुण, जड अंगमेहनतीचं काम करणाऱ्यांसाठी त्याचा विचार होतो. नेदरलँड्समध्ये चाळिशीपुढच्या बायकांवर याची हाड काढण्याशी तुलना चालू होती. सांधा जाम केलेल्यांमध्ये गुंतागुंत इतकी जास्त आढळली की तो अभ्यास मधेच थांबवावा लागला. त्याचे निष्कर्ष 2014 साली आले. तुमच्यासाठी मी तो मार्ग सुचवणार नाही. सुई धरणाऱ्या अंगठ्याला फिरायला हवं. भाच्याने सांगितलेला कृत्रिम सांधा फ्रान्स, बेल्जियमकडे बराच बसवतात. हात लवकर कामाला लागतो, हे त्याच्या बाजूने. पण तो सैल होऊ शकतो, निखळू शकतो, आणि मग शेवटी हाड काढायचंच ऑपरेशन करावं लागतं. खर्चही बराच. भाच्याने आस्थेने सांगितलंय, पण बसवणाऱ्या सर्जननी असे सांधे किती बसवले आणि पाच वर्षांनी ते कसे आहेत, हे विचारल्याशिवाय तिकडे वळू नका.

हाड काढल्यावरचा काळ नीट समजून घ्या, कारण ‘नवरात्राआधी उरकून टाकू’ हा बेत इथेच फसतो. चार ते सहा आठवडे हात प्लास्टरमध्ये किंवा पट्ट्यात. दीड-दोन महिन्यांनी चहाचा कप, वेणी, हलकं काम. कात्रीला तीन महिने तरी. ताकद सहा महिने ते वर्षभर वाढत राहते, आणि तरी ती तरुणपणीची होत नाही. कळ जाणं हा या ऑपरेशनचा खरा फायदा आहे. आज आषाढात केलं तर नवरात्र-दिवाळीच्या ब्लाउजांचा ढीग पडेल तेव्हा अंगठा जेमतेम शिकत असेल. घाईने लवकर कामाला लावला तर सगळंच बिघडेल.

म्हणून मी तुमच्या जागी असते तर असं केलं असतं. आत्ता, या चातुर्मासात, दुखण्याची जागा पक्की करून घेतली असती. कंडरांचं निघालं तर लांब पट्टा आणि एक इंजेक्शन, आणि सहा-आठ आठवड्यांत उतार नसेल तर छोटं ऑपरेशन. सांध्याचं निघालं तर तीन महिने पट्टा, थेरपी, नवी कात्री, आणि कापायला मदतनीस. त्यानंतरही रात्री झोपमोड होत असेल, दोन ब्लाउजांनंतर हात ठेवावा लागत असेल, तर पुढच्या उन्हाळ्यातली लग्नं आटोपली की आषाढाच्या सुरुवातीला हाड काढायचं ठरवा आणि गिऱ्हाइकांना दिवाळीचं काम आधीच कमी घेणार म्हणून सांगून ठेवा. कळ त्याआधीच असह्य झाली तर वाट पाहायचं कारण नाही, मग लग्नसराई गेली तरी चालेल. कुठल्याही ऑपरेशनआधी तीन महिन्यांची सरासरी साखर आटोक्यात हवी, आणि सांध्यात इंजेक्शन घेतलं असेल तर त्यानंतर साधारण तीन महिने जाऊ देण्याकडे सर्जनचा कल असतो. तारखा तशा जुळवा.

यजमानांचं ‘बंद कर’ हे मला काळजीपोटी आलेलं वाटतं, पण शिलाई बंद केल्याने सांधा दुरुस्त होत नाही. पिळे, भांडी, बरण्या चालूच राहणार. ती कामं घरात दुसऱ्या कुणी उचलली तर अंगठ्याला त्याहून जास्त आराम मिळेल. त्यांना हे पत्र वाचायला द्या. गावातली एखादी शिकाऊ मुलगी कटिंगला ठेवलीत, तर माप, बेतणं आणि मशीन तुमच्याकडे राहील. तुमचं खरं कसब तिथेच आहे.

तिसरं मत घ्यायचं तर हाताची ऑपरेशनं नेहमी करणाऱ्या सर्जनचं घ्या. ते अस्थिरोग विभागातले असतील किंवा प्लास्टिक सर्जरीतले, दोन्हीकडचे डॉक्टर हे काम शिकतात. जनआरोग्य योजनेत सुचवलेलं ऑपरेशन बसतं का, हे त्या रुग्णालयातल्या आरोग्यमित्रांना आधीच विचारा. सोबत दोन्ही डॉक्टरांचे कागद, एक्स-रे, साखरेचे रिपोर्ट आणि तुमची कात्री न्या. ती कशी धरता, कुठे कळ येते, ते त्यांच्यासमोर कापडाच्या तुकड्यावर करून दाखवा. आणि निघण्याआधी त्यांच्याकडून हे चार शब्दांत लिहून घ्या: दुखणं सांध्याचं, कंडरांचं की दोन्ही, आणि दोन्ही असेल तर आधी कशाला हात घालायचा.